आधी मोजणी, मग दावा

भाऊबंदकीच्या मुळाशी बहुतेक वेळा एखादा बांध असतो. शेजाऱ्याने नांगर फिरवताना वीतभर बांध कोरला, पुढच्या वर्षी आणखी वीतभर कोरला आणि दोन घरांतले जाणे-येणे कायमचे तुटले, अशा कथा महाराष्ट्रातील प्रत्येक गावाच्या पारावर ऐकायला मिळतात. नवी मुंबईत आता नांगर उरलेला नाही. भाताची खाचरे गेली, मिठागरे गेली, त्यांच्या जागी रुंद रस्ते आणि उंच इमारती आल्या. बांध मात्र गेला नाही. तो मनात राहिला, कागदावर राहिला आणि न्यायालयाच्या दप्तरात जाऊन बसला. गावठाणातील चिंचोळ्या गल्लीत एकाच्या घराची भिंत दुसऱ्याच्या भिंतीला टेकते. एकाचा जिना दुसऱ्याच्या अंगणात उतरतो. जुने कौलारू घर पाडून नवे बांधायला घेतले की पाया खणतानाच पहिला वाद उभा राहतो. हा वाद दोन परक्या माणसांतला क्वचितच असतो. बहुधा तो चुलत्या-पुतण्यांतला किंवा तीन पिढ्यांच्या शेजाऱ्यांतला असतो.

अशा वेळी सामान्य माणूस वकिलाकडे धाव घेतो, मनाई हुकमासाठी दावा दाखल होतो आणि पुढची अनेक वर्षे तारखांच्या हवाली होतात. या क्रमातच खरी चूक आहे. सीमेचा वाद हा आधी मोजणीचा प्रश्न असतो आणि नंतर कायद्याचा. रेषा जमिनीवर नेमकी कोठून जाते, हेच ज्या दाव्यात कोणाला ठाऊक नाही, त्या दाव्यात न्यायाधीश कितीही विद्वान असले, तरी कशाचा निवाडा करणार?

भरावाखाली गेलेल्या खुणा

नवी मुंबईतील सीमावादांना एक वेगळी पार्श्वभूमी आहे. १७ मार्च १९७० रोजी सिडकोची स्थापना झाली आणि तत्कालीन ठाणे व कुलाबा जिल्ह्यांतील ९५ गावांच्या जमिनींवर नवे शहर वसविण्याचे काम सुरू झाले. आगरी-कोळी समाजाची ही गावे भातशेती, मिठागरे आणि खाडीतील मासेमारी यांवर जगत होती. जमिनी संपादित झाल्या. गावठाणे तेवढी मागे राहिली. अल्प मोबदल्याविरुद्ध दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली जो लढा उभा राहिला, त्यात १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी उरण तालुक्यात झालेल्या पोलीस गोळीबारात पाच जणांना प्राण गमवावे लागले. त्या बलिदानातून साडेबारा टक्के विकसित भूखंडाचे तत्त्व प्रस्थापित झाले आणि १९९० च्या दशकात योजनेच्या रूपाने ते राज्याने स्वीकारले. आपली भूमी देऊन ज्यांनी शहर उभे केले, त्यांच्या वाट्याला शेवटी दोनच गोष्टी उरल्या : गावठाणातले राहते घर आणि साडेबारा टक्क्यांतून मिळालेला भूखंड. आज सीमेचे वाद नेमके याच दोन ठिकाणी पेटतात. म्हणूनच या प्रश्नाकडे कज्जेदलालीची किरकोळ बाब म्हणून पाहणे हा या भूमिपुत्रांवर अन्याय ठरेल.

शहर उभारताना खाडीकाठच्या सखल जमिनीवर मोठ्या प्रमाणात मातीचा आणि मुरमाचा भराव टाकावा लागला. ज्या बांधांनी, दगडांनी आणि झाडांनी पिढ्यान्‌पिढ्या सीमा सांगितल्या, ते बांध व दगड भरावाखाली गेले, झाडे तुटली. म्हाताऱ्या माणसांनी बोटाने दाखवावे असे काही जमिनीवर उरले नाही. शेतांच्या बाबतीत हे एक वेळ चालून गेले, कारण जमीनच संपादित झाली होती. परंतु गावठाणाच्या कडेला, जेथे संपादित जमीन संपते आणि गावकऱ्यांची वस्ती सुरू होते, तेथे या हरवलेल्या खुणांची किंमत आज मोजावी लागत आहे. कुटुंबे वाढली, गरजेपोटी घरे गावठाणाबाहेर सरकली आणि ती नियमित करण्याचा विषय वर्षानुवर्षे शासनापुढे राहिला. २०२२ मध्ये राज्य शासनाने त्याबाबत निर्णयही घेतला. मात्र घर नियमित करायचे, तर ते कोणाच्या, किती आणि कोठवरच्या जागेत उभे आहे हे आधी ठरावे लागते. प्रश्न फिरून पुन्हा मोजणीपाशीच येतो.

साखळीतला एक आणा

आपल्याकडील जमिनीच्या नोंदींची घडण समजून घेतल्याशिवाय वादांचे मूळ उमगत नाही. मुंबई इलाख्यात १८३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी जी भूमापन पद्धत सुरू केली, ती पुढे कोकणातही पोहोचली. शेतसारा ठरविणे हा तिचा हेतू होता. मोजणी साखळीने होई. साखळी ३३ फुटांची आणि तिचे भाग सोळा आणे. ३३ फूट लांब आणि ३३ फूट रुंद जागा म्हणजे एक गुंठा, आणि असे ४० गुंठे म्हणजे एक एकर. हे गणित प्रत्येक शेतकरी कुटुंबाला आजही पाठ असते.

त्या साखळीतला एक आणा म्हणजे दोन फुटांहून किंचित अधिक. भाताच्या शेतात आण्याभराचा फरक पडला, तर कोणाचे फारसे बिघडत नसे. परंतु ५० फूट लांबीच्या सामाईक हद्दीवर हाच एक आणा इकडचा तिकडे झाला, तर शंभर चौरस फुटांहून अधिक जागा हलते. नवी मुंबईत शंभर चौरस फूट म्हणजे एक खोली, एक दुकान, एखाद्याच्या उदरनिर्वाहाचे साधन. सारावसुलीसाठी केलेल्या मोजमापावर आज चौरस फुटांचे व्यवहार चालले आहेत, हे वास्तव अनेकांच्या लक्षातच येत नाही.

गावठाणाची स्थिती तर याहून विचित्र आहे. गावठाणावर शेतसारा नव्हता. त्यामुळे जुन्या गावनकाशात ते एकसंध दाखवून सोडून दिलेले असे. आतली घरे, अंगणे, बोळ, खळी यांची मापे त्यात नसत. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मध्ये गावठाणाच्या आतील भूमापनाची आणि सनदेची तरतूद आहे. जेथे असे भूमापन होऊन मिळकतपत्रिका तयार झाली, तेथे वाद निदान कागदापाशी येऊन थांबतो. जेथे झाले नाही, तेथे घरमालकाच्या हाती असते ती जुनी ग्रामपंचायतीची आकारणी नोंद आणि आताची महापालिकेची मालमत्ता कराची पावती. कर भरल्याची पावती म्हणजे मालकीचा दाखला नव्हे, आणि सीमेचा तर मुळीच नव्हे.

सातबाऱ्याबद्दलही असाच गैरसमज आहे. सातबारा क्षेत्र सांगतो, सीमा सांगत नाही. त्यातील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानली जाते. परंतु तिने मालकी निर्माण होत नाही. सीमा सापडते ती भूमि अभिलेख कार्यालयातील मूळ टिपणात, फाळणीत आणि नकाशात. खरेदीखतातील चतुःसीमाही महत्त्वाची. क्षेत्राचा आकडा आणि चतुःसीमा यांत विसंगती असेल, तर सामान्यतः चतुःसीमेला अधिक वजन दिले जाते. ज्या घरात ही चार कागदपत्रे एका पिशवीत नीट बांधून ठेवलेली असतात, त्या घराला न्यायालयाची पायरी चढण्याची वेळ कमी येते.

आपली परंपरा काय सांगते?

सीमेच्या वादाचे गांभीर्य आपल्या पूर्वजांनी ओळखले होते. मनुस्मृतीत गणलेल्या अठरा व्यवहारपदांत सीमाविवाद हे स्वतंत्र पद आहे. त्यातील व्यावहारिक शहाणपण थक्क करणारे आहे. सीमेवर वड-पिंपळासारखे दीर्घायुषी वृक्ष लावावेत, विहिरी-तळी खोदावीत, आणि उघड खुणा नाहीशा होतील हे जाणून जमिनीखाली कोळसा, दगड, विटा, खापऱ्या यांसारख्या न कुजणाऱ्या वस्तू पुरून ठेवाव्यात, असे तेथे सांगितले आहे. निवाडा ज्येष्ठ महिन्यात करावा, कारण तेव्हा खुणा स्पष्ट दिसतात. साक्षीदारांनी डोक्यावर माती घेऊन, लाल फुलांच्या माळा आणि लाल वस्त्रे धारण करून साक्ष द्यावी. ज्या मातीबद्दल बोलायचे, ती माती मस्तकी घेऊन खोटे बोलण्याचे धैर्य कोणाला होईल?

मराठेशाहीतही गोतसभा भरे, शेजारच्या गावांचे वतनदार येत आणि निवाड्याचा महजर लिहिला जाई. त्यावर बलुतेदार आपापल्या निशाण्या करीत. कुणब्याचा नांगर तेथे सहीच्या जागी असे. या पद्धतींतले सर्वच आज स्वीकारता येणार नाही. दिव्याची परीक्षा कालबाह्य झाली आणि जातीच्या उतरंडीवर उभा असलेला निवाडा संविधानाच्या राज्यात मान्य होणे शक्य नाही. परंतु दोन गोष्टी आजही घेण्याजोग्या आहेत. एक, निवाडा जागेवर जाऊन, खुणा पाहून व्हावा. दुसरी, तो शेजारपाजाऱ्यांच्या उपस्थितीत व्हावा, म्हणजे दुसऱ्या दिवशी कोणाला तो नाकारता येणार नाही. आधुनिक कायदाही फिरून याच ठिकाणी आला आहे.

न्यायालयाची वाट

कायद्याने कामाची विभागणी केलेली आहे. सर्वेक्षणाच्या अभिलेखावरून सर्व्हे नंबरांची व पोटहिश्श्यांची हद्द ठरविण्याचे काम जमीन महसूल संहितेने महसूल व भूमि अभिलेख यंत्रणेकडे दिले आहे. मालकी कोणाची, ताबा कोणाचा, अतिक्रमण हटवावे काय, हे प्रश्न दिवाणी न्यायालयाचे. नवी मुंबईकरांसाठी ते बेलापूर, ठाणे किंवा पनवेल येथे असते. ज्याला सीमेविषयी शंका आहे, त्याने प्रथम हद्द कायम करण्याच्या मोजणीचा अर्ज करावा, लगतच्या धारकांना नोटिसा जातील याची खात्री करावी आणि मोजणीच्या दिवशी सर्वांनी उपस्थित राहावे. मोजणी मान्य नसेल, तर निमताना मोजणी मागता येते आणि तीही मान्य नसेल, तर जिल्हा अधीक्षकांकडे सुपर निमताना. या पायऱ्या न चढता थेट दावा करणारा बहुधा फिरून याच पायऱ्यांपाशी येतो. मात्र तोवर काही वर्षे गेलेली असतात.

दाव्याच्या स्वरूपातही चुका होतात. ‘शेजाऱ्याला अडथळा करण्यास मनाई करावी’ एवढीच मागणी करून दावा दाखल होतो. वस्तुतः त्या पट्ट्याच्या मालकीवरच खरा वाद असेल, तर निव्वळ मनाईचा दावा पुरेसा ठरत नाही. मालकी जाहीर करून मागावी लागते आणि ताबा गेला असेल, तर तोही मागावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये अनाथुला सुधाकर प्रकरणात हे सविस्तर स्पष्ट केले आहे. त्याच वर्षी हरियाणा वक्फ मंडळाच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की लगतच्या जमिनींच्या सीमेचा वाद असेल, तर न्यायालयाने स्थानिक आयुक्त नेमून सीमांकन करून घ्यायला हवे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ मध्ये ही तरतूद पूर्वीपासूनच आहे. तिचा वापर मात्र पुष्कळदा दावा अर्ध्यावर आल्यावर, कधी अपिलात गेल्यावर होतो. उभय पक्षांचे साक्षीदार तपासून झाले, युक्तिवाद झाले आणि मग कळते की नकाशाच नाही. औषध देऊन झाल्यावर नाडी पाहण्यासारखा हा प्रकार आहे.

खासगी नकाशावर विसंबणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. शासकीय अधिकाराने तयार झालेल्या नकाशाला कायदा अचूकतेचे गृहीतक देतो. परंतु एखाद्या दाव्यासाठी म्हणून मुद्दाम काढलेला नकाशा अचूक आहे, हे सिद्ध करावे लागते. मोजणाऱ्याला साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहून सांगावे लागते, की कोणत्या निश्चित खुणेपासून मोजायला सुरुवात केली, लगतचे क्रमांक मोजले की नाही आणि मूळ अभिलेखाशी मेळ घातला की नाही. एकाच बाजूची जागा मोजून काढलेली रेषा उलटतपासणीत टिकत नाही.

काळाचे बंधनही विसरून चालत नाही. बेकायदेशीरपणे ताब्यातून काढलेल्या व्यक्तीला मालकीच्या प्रश्नात न शिरता ताबा परत मागायचा असेल, तर सहा महिन्यांत दावा करावा लागतो. मालकीच्या आधारे ताबा मागण्यास बारा वर्षांची मुदत आहे. शेजाऱ्याने उघडपणे, आपलीच म्हणून बारा वर्षे ती जागा वापरली असेल, तर अचूक मोजणी हाती असूनही जागा जाऊ शकते. शिवाय दावा चालू असता एखादा पक्षकार मरण पावला आणि ९० दिवसांत त्याचे वारस अभिलेखावर आणले नाहीत, तर त्याच्यापुरता दावा संपुष्टात येतो. मोठ्या एकत्र कुटुंबांच्या मिळकतीत, जेथे वारसांची यादी दोन पाने भरते आणि मुलींची नावे कित्येकदा लावलेलीच नसतात, तेथे हा धोका विशेष मोठा आहे.

शेजार टिकला पाहिजे

न्यायालय न्याय देईल. शेजार देऊ शकणार नाही. दावा जिंकलेला आणि हरलेला, दोघांनाही त्याच गल्लीत राहायचे असते, एकाच ग्रामदैवताच्या पालखीला खांदा द्यायचा असतो आणि एकमेकांच्या दारातल्या बऱ्यावाईट प्रसंगाला उभे राहायचे असते. या दृष्टीने समझोत्याची जी साधने कायद्याने दिली आहेत, त्यांचा वापर वाढला पाहिजे. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ८९ नव्या रूपात १ जुलै २००२ पासून लागू आहे. त्याखाली न्यायालय वाद लोकअदालतीकडे किंवा मध्यस्थीकडे पाठवू शकते. लोकअदालतीचा निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नसते आणि भरलेले न्यायालय शुल्कही परत मिळते. २०२३ मध्ये मध्यस्थीसाठी स्वतंत्र कायदाही संसदेने केला. समझोता करताना मात्र एक पथ्य पाळावे : साध्या मुद्रांक कागदावर चार सह्या करून जमिनीचा पट्टा इकडचा तिकडे देऊ नये. तसा हस्तांतरणाचा व्यवहार नोंदणीकृत हवा, किंवा दाव्यातल्या मिळकतीपुरती तडजोड न्यायालयाच्या हुकूमनाम्यात उतरवलेली हवी. शिवाय तिच्यासोबत मोजणीचा नकाशा जोडलेला हवा. अन्यथा आजचा समझोता उद्याच्या पिढीच्या वादाचे बीज ठरतो.

समझोत्याचा अर्थ दुबळ्याने गप्प बसावे असा मात्र नाही. गल्लीतला दांडगा माणूस, त्याच्यामागे उभा असलेला विकासक आणि समोर एकटी विधवा किंवा नोकरीनिमित्त परगावी राहणारे कुटुंब, असे चित्र असेल, तेथे ‘आपसात मिटवा’ हा सल्ला म्हणजे अन्यायाला दिलेली संमतीच होय. अशा वेळी न्यायालय हाच आधार आहे आणि समाजाने त्या कुटुंबाच्या बाजूला उभे राहायला हवे. आधी मोजणीचा आग्रह यासाठीही महत्त्वाचा आहे. मोजणीची रेषा माणसाचे वजन पाहत नाही.

शासनाची जबाबदारी याहून मोठी आहे. २०१८ मध्ये पुणे जिल्ह्यातील सोनोरी या गावी ड्रोनद्वारे गावठाण मोजणीचा प्रयोग झाला. २४ एप्रिल २०२० रोजी केंद्राने ग्रामीण गावठाणांसाठी स्वामित्व योजना सुरू केली, आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये देशातील १५२ नागरी स्थानिक संस्थांत शहरी भूमापनाचा ‘नक्शा’ हा प्रायोगिक कार्यक्रम सुरू झाला. तंत्रज्ञान आहे, अनुभव आहे. खेड्यातल्या गावठाणाला जो हक्काचा नकाशा मिळतो, तो शहराच्या पोटात आलेल्या गावठाणाला प्राधान्याने मिळायला हवा. कारण तेथे जमिनीचा दर जितका चढा, तितका वादही तीव्र. नवी मुंबई आणि पनवेल या दोन्ही महापालिकांच्या हद्दीतील प्रत्येक गावठाणात घराघराची मोजणी पूर्ण करून मिळकतपत्रिका देणे, भूखंडांच्या कोपऱ्यांवर पक्क्या खुणा बसविणे आणि सीमेच्या दाव्यात प्रारंभीच न्यायालयीन आयुक्ताची मोजणी होणे, एवढ्या तीन गोष्टी झाल्या, तरी वादांचा फार मोठा भार हलका होईल. ड्रोन छपरे दाखवतो. छपराखालचा हक्क मात्र घरातल्या माणसांनी आणि शेजाऱ्यांनी मिळूनच सांगावा लागतो. म्हणून ही मोजणी बंद कार्यालयात न होता गावाच्या साक्षीने व्हायला हवी.

समाजातील जाणत्यांनाही येथे काम आहे. निवृत्त शिक्षक, भूमि अभिलेख खात्यातून निवृत्त झालेले कर्मचारी, तरुण वकील यांनी आपापल्या गावात महिन्यातून एक दिवस दिला, लोकांची जुनी कागदपत्रे लावून दिली, मोजणीचा अर्ज भरून दिला आणि मोजणीच्या दिवशी दोन्ही घरांना एकत्र आणले, तर हे काम कोणत्याही मोठ्या सभेपेक्षा समाजाला अधिक जोडणारे ठरेल. गावात आज ऐंशीच्या घरातली जी माणसे आहेत, ती भरावाखाली गेलेला बांध अजून बोटाने दाखवू शकतात. ती आहेत तोवर, पावसाळा संपून जमीन मोकळी होताच, त्यांना सोबत घेऊन प्रत्येक घराने आपली हद्द शेजाऱ्यासमक्ष मोजून घ्यावी आणि कोपऱ्यावर दगड रोवावा.